मातीचा पेला आणि कर्णधारपद : पळवणकर बाळू यांच्या गोष्टीतून काय गाळले जाते?

१/
पुण्याच्या क्रिकेटविषयी एक गोष्ट वारंवार सांगितली जाते. एक गरीब चांभाराचा मुलगा, एक दिलदार इंग्रज फलंदाज, एक वळणारा चेंडू. आणि मग मैदानावर जात विरघळून गेली. गोष्ट गोड आहे, तिच्यातील माणसेही खरी आहेत. तिचा निष्कर्ष मात्र खोटा आहे. हा धागा त्या निष्कर्षाविरुद्ध आहे.

२/
प्रथम माणूस. पळवणकर बाळू, जन्म १८७६, धारवाड. मृत्यू जुलै १९५५, मुंबई. घराणे मूळचे कोकणातले, वडील लष्करी नोकरीत. डावखुरे फिरकी गोलंदाज. प्रथम श्रेणीचे ३३ सामने, १७९ बळी, सरासरी १५.२१. एका डावात पाच किंवा अधिक बळी १७ वेळा, म्हणजे सरासरीने दर दोन सामन्यांत एकदा तरी. भारताचा पहिला थोर गोलंदाज कोण, या प्रश्नाचे उत्तर देताना हे आकडे बाजूला ठेवता येत नाहीत.

३/
आता प्रतिपादन. बाळूंच्या कारकिर्दीत जातीची भिंत पडली नाही. दर वेळी ती चार पावले मागे सरकवली गेली आणि तेथे पुन्हा उभी केली गेली. आधी ती मैदानाच्या कडेला होती, मग चहाच्या पेल्यापाशी आली, मग जेवणाच्या टेबलापाशी, आणि शेवटी कर्णधाराच्या जागेपाशी येऊन थांबली. तिथून ती बाळूंसाठी अखेरपर्यंत हलली नाही. हे टप्पे क्रमाने पाहू.

४/
पुण्यात वाढत असताना बाळू आणि धाकटे शिवराम यांनी लष्करी अधिकाऱ्यांनी टाकून दिलेल्या साहित्यावर खेळ शिकला. पहिली नोकरी पारशी क्लबच्या मैदानावर, पगार महिना तीन रुपये. १८९२च्या सुमारास ते युरोपियनांच्या पूना क्लबमध्ये गेले. तेथे चार रुपये. काम कोणते? खेळपट्टीवर रूळ फिरवणे, रेघा आखणे, सरावाची जाळी उभारणे आणि अधूनमधून सभासदांना चेंडू टाकणे.

५/
हे 'चेंडू टाकणे' काय होते, हे नीट समजून घेतले पाहिजे. त्या काळच्या इंग्रजी क्रिकेटमध्ये हौशी 'जंटलमन' आणि पगारी 'प्लेअर' हे दोन वर्ग होते. फलंदाजी ही साहेबांची कला, आणि नेटमध्ये तासन्‌तास गोलंदाजी करणे ही नोकराची मजुरी. इंग्लंडमध्ये हा भेद अधिकृतपणे मोडायला १९६२ साल उजाडावे लागले. पुण्याच्या लष्कर भागात त्या वर्गभेदावर वर्णभेदाचा आणि जातिभेदाचा आणखी एकेक थर चढला होता.

६/
म्हणून एक गोष्ट ध्यानात ठेवावी : पूना क्लबच्या नेटमध्ये बाळूंनी असंख्य चेंडू टाकले, पण त्यांच्या हातात बॅट कधी देण्यात आली नाही. जे. जी. ग्रेग हे तेव्हाचे नामांकित इंग्रज फलंदाज. ते इतरांच्या आधी येऊन बाळूंच्या गोलंदाजीवर सराव करीत. बाळूंनी आपल्याला बाद केले की ग्रेग दर खेपेस आठ आणे देत, अशी आख्यायिका आहे.

७/
या आख्यायिकेचा अर्थ उलटा लावला जातो. 'ग्रेगसाहेबांनी बाळूंना घडवले' असे म्हणतात. हिशेब मांडून पाहावा. सराव कोणाचा होत होता? पगार कोणाला चार रुपये होता? ग्रेग यांना फुकटात एक अव्वल गोलंदाज मिळाला आणि त्याच्यावर त्यांनी आपली फलंदाजी धारदार केली. बाळूंचे कसब मेहनतीतून आले. साहेबांचे औदार्य त्या मेहनतीच्या मोबदल्यापुढे फारच तोकडे आहे.

८/
हीच गल्लत 'लगान' (२००१) या चित्रपटाने लाखो घरांत पोहोचवली. त्यातील 'कचरा' हा अस्पृश्य फिरकी गोलंदाज पाहून अनेकांना बाळू आठवले. पण कचराचा चेंडू वळतो तो त्याच्या अधू हातामुळे. त्याला स्वतःलाही ते ठाऊक नसते. सवर्ण नायक ते ओळखतो आणि त्याला संघात घेतो. कसब हा योगायोग, आणि न्याय हा नायकाचा मोठेपणा. प्रत्यक्षातील बाळू अधू नव्हते, अजाण तर मुळीच नव्हते. ते व्यावसायिक होते.

९/
पुण्यातील हिंदू क्लबला युरोपियनांना हरवायचे होते. गोलंदाज तर हवा होता, पण तो चांभार. क्लबातील तेलुगू सभासद बाळूंना घेण्याच्या बाजूचे होते; काही मराठी ब्राह्मण विरोधात होते. अखेर जिंकण्याच्या इच्छेने सोवळ्यावर मात केली आणि बाळू संघात आले. येथे 'जात हरली' असे लिहून गोष्ट संपवली जाते. खरी गोष्ट येथूनच सुरू होते.

१०/
मैदानावर एकच चेंडू सर्वांच्या हातांतून फिरे. त्याला विटाळ नव्हता. सामना चहासाठी थांबला की इतर खेळाडू पॅव्हेलियनमध्ये जात, आणि बाळूंना बाहेर, वापरून टाकून द्यायच्या मातीच्या पेल्यात चहा मिळे. दुपारचे जेवण वेगळ्या टेबलावर, वेगळ्या ताटात. तोंड धुवायला पाणी हवे असेल तर ते अस्पृश्य नोकराने आणून द्यायचे. सामन्यात बळी मिळवून देणाऱ्या खेळाडूला त्याचाच संघ हे वागवणे देत होता.

११/
आणि हे पुणे कोणते? याच शहरात १८६८ साली जोतीराव फुले यांनी आपल्या घरचा हौद अस्पृश्यांना खुला केला होता. याच शहरात ऑक्टोबर १८९० मध्ये पंचहौद मिशनमध्ये चहा घेतल्याबद्दल रानडे आणि टिळक यांच्यासह अनेक प्रतिष्ठितांवर गहजब झाला. गोपाळराव जोशी यांनी नावे छापून आणली, प्रकरण शंकराचार्यांपुढे गेले, प्रायश्चित्ताचे वाद वर्षानुवर्षे चालले. चहाच्या एका पेल्याचा अर्थ काय होतो, हे पुण्याला कोणी शिकवायची गरज नव्हती.

१२/
'पंचहौदचा चहा' पुण्याच्या इतिहासाच्या प्रत्येक पुस्तकात असतो. तो चहा घेणारे वरच्या जातींतले होते आणि देणारे मिशनरी. त्याच दशकात त्याच शहरात पॅव्हेलियनबाहेर ठेवलेला मातीचा पेला मात्र क्रिकेटच्या प्रकरणात ढकलला जातो, जणू तो पुण्याच्या सामाजिक इतिहासाचा भागच नाही. कोणाच्या चहाला इतिहास म्हणायचे आणि कोणाच्या चहाला किस्सा, हे कोणी ठरवले?

१३/
येथे हमखास आक्षेप येतो : 'तो काळच तसा होता, आजच्या फूटपट्टीने मोजू नये.' ठीक, त्याच काळाची फूटपट्टी घेऊ. बाळूंच्या गोलंदाजीने सातारा जिमखान्यावर विजय मिळाला, त्यानंतर महादेव गोविंद रानडे यांनी बाळूंचा गौरव केला. ज्याच्यासोबत खेळता त्याच्यासोबत खाण्यापिण्यास हरकत कसली, असे त्यांनी संघातील सवर्णांना सुनावल्याचे सांगितले जाते. टिळकांनीही बाळूंचा जाहीर सत्कार केला. म्हणजे चूक दाखवणारे आवाज तेव्हाही होते, आणि ते लहान नव्हते.

१४/
१८९६-९७ मध्ये प्लेग पुण्यात पसरला आणि त्या सुमारास पळवणकर कुटुंब मुंबईला गेले. बाळू पुढे बी. बी. अँड सी. आय. रेल्वेत नोकरीला लागले आणि परमानंददास जीवनदास हिंदू जिमखान्याकडून खेळू लागले. तेथेही काही सभासदांची मनधरणी करावी लागली. पण मुंबईत टेबल हळूहळू एक झाले. भिंत आणखी चार पावले मागे सरकली.

१५/
फेब्रुवारी १९०६. मुंबईत हिंदू विरुद्ध युरोपियन. हिंदू २४२ आणि १६०. युरोपियन १९१ आणि १०२. हिंदूंचा विजय १०९ धावांनी. सामन्यात बाळूंचे आठ बळी. शिवरामही संघात होते. बंगालच्या फाळणीनंतरचे ते दिवस. स्वदेशीच्या वातावरणात या विजयाचा अर्थ मैदानाबाहेर गेला नसता तरच नवल.

१६/
'इंडियन सोशल रिफॉर्मर' या सुधारकी पत्राने तो अर्थ नेमका पकडला. पुणे आणि मुंबई येथील हिंदू खेळाडूंनी जुने पूर्वग्रह कमी-अधिक प्रमाणात बाजूला ठेवले म्हणून हे शक्य झाले, आणि खेळात शिकलेला धडा राजकारणात, समाजात, शिक्षणातही गिरवावा, असा त्या लेखाचा आशय होता. 'कमी-अधिक' हा शब्दप्रयोग महत्त्वाचा आहे. कोणत्या शहराने कमी केले, हे तेव्हाच्या वाचकाला कळत होते.

१७/
१९११. पतियाळाचे महाराज भूपिंदरसिंग यांच्या नेतृत्वाखाली अखिल भारतीय संघ इंग्लंडला गेला. प्रथम श्रेणीचे १४ सामने. विजय दोन, पराभव दहा. अशा पडत्या संघात बाळूंनी सर्व सामने मिळून ११४ बळी घेतले, सरासरी १८.८४. त्यांपैकी प्रथम श्रेणीचे ७५. केंब्रिज विद्यापीठाविरुद्ध एका डावात १०३ धावांत आठ. लेस्टरशायरविरुद्धच्या विजयात सामन्यात अकरा बळी. वय पस्तीस. मधल्या काळात महाराज स्वतः संघासोबत फारसे राहिलेही नाहीत.

१८/
परतल्यावर मुंबईच्या दलित समाजाने बाळूंचा सत्कार केला. त्या प्रसंगाचे मानपत्र एल्फिन्स्टन कॉलेजात शिकणाऱ्या तरुण भीमराव आंबेडकरांनी लिहिले होते, असे सांगितले जाते. राजकीय नेते पुढे आले त्याच्या आधीच्या पिढीत, दलित मुलांना अभिमानाने सांगता येईल असे एक नाव या गोलंदाजाने दिले होते. पुढचे सारे वाचताना हे विसरू नये.

१९/
आता शेवटची भिंत. इंग्लंडच्या दौऱ्यात सर्वांत यशस्वी ठरलेला, संघातील सर्वांत अनुभवी खेळाडू हिंदू संघाचा कर्णधार का झाला नाही? १९१३ साली एम. डी. पै कर्णधार झाले. ते ब्राह्मण. आपल्या सत्काराला उत्तर देताना त्यांनी जाहीरपणे सांगितले की हा मान ज्येष्ठ आणि अनुभवी बाळूंना मिळायला हवा होता. ज्याला पद मिळाले तोच हे सांगतो, तेव्हा 'गुणवत्तेनुसार निवड झाली' या बचावाला काय उरते?

२०/
तर्क साधा होता, आणि म्हणूनच निर्लज्ज. चेंडू टाकणे ही सेवा आहे. सेवा कोणाकडूनही घेता येते. कर्णधारपद म्हणजे आज्ञा देण्याचा अधिकार. ब्राह्मण क्षेत्ररक्षकाला 'इकडे उभा राहा' असे चांभाराने सांगणे. टेबल एक करता आले, ताट एक करता आले. आज्ञा कोणी कोणाला द्यायची, तेथे मात्र सुधारणेची गाडी थांबली.

२१/
१९२०. चौरंगी स्पर्धेत बाळूंना संघातून वगळण्यात आले. पै पहिल्या सामन्याला उपलब्ध नव्हते. तोवर बाळूंचे धाकटे बंधू विठ्ठल आघाडीचे फलंदाज झाले होते. त्यांचा दावा डावलून पुण्याचे दि. ब. देवधर यांना कर्णधार केले गेले. तेव्हा विठ्ठल आणि शिवराम यांनी संघातून माघार घेतली आणि कारण जाहीर निवेदनात मांडले : हा जातीचा अन्याय आहे.

२२/
देवधर स्वतः थोर खेळाडू होते. वाद त्यांच्याशी नाही, निवड करणाऱ्यांशी आहे. त्या माघारीचा परिणाम झाला. अंतिम सामन्याला पै परतले, दोघे भाऊ परतले, बाळूंना उपकर्णधार करण्यात आले, आणि पै मैदानाबाहेर गेले त्या काळात चव्वेचाळीस वर्षांच्या बाळूंनी संघ हाताळला. कर्णधारपदाच्या सर्वांत जवळ ते पोहोचले ते एवढेच. १९२३ साली विठ्ठल कर्णधार झाले आणि त्यांच्या नेतृत्वाखाली हिंदूंनी स्पर्धा जिंकली. 'समाजाचे मन बदलले' म्हणणाऱ्यांनी १९२०ची माघार वजा करून हा बदल सिद्ध करून दाखवावा.

२३/
जरा दूरचे उदाहरण. १९०६ साली, हिंदूंच्या त्या विजयाच्या वर्षी, अमेरिकेत सॅचेल पेज यांचा जन्म झाला. बेसबॉलमध्ये चेंडू टाकणाऱ्याला पिचर म्हणतात. पेज हे त्या खेळातील सर्वश्रेष्ठ पिचरांपैकी एक. ते कृष्णवर्णीय, म्हणून मुख्य लीग बंद. जॅकी रॉबिन्सन १९४७ मध्ये आत आले तेव्हा दार उघडले, आणि १९४८ मध्ये पेज यांना क्लीव्हलंडकडून संधी मिळाली. वय ४२.

२४/
पण संघाचा मुख्य म्हणून, मॅनेजर म्हणून, पहिला कृष्णवर्णीय माणूस मैदानात उतरला १९७५ मध्ये : फ्रँक रॉबिन्सन. दार उघडल्यापासून २८ वर्षे. १९७२ मध्ये, मृत्यूच्या काही दिवस आधी, जॅकी रॉबिन्सन यांनी भर मैदानात नेमकी हीच उणीव बोलून दाखवली होती. पुण्यात बाळू संघात आले त्यापासून विठ्ठल कर्णधार होईपर्यंतचा काळही जवळपास तेवढाच. खेळायला घेणे आणि हुकूम द्यायला देणे, या दोन निरनिराळ्या भिंती आहेत. पहिली पडली की दुसरी आपोआप पडते, हा भ्रम दोन्ही देशांनी जोपासला.

२५/
फरक पुढे आहे. पेज यांना १९७१ मध्ये हॉल ऑफ फेममध्ये घेतले. २०२०च्या अखेरीस कृष्णवर्णीयांच्या जुन्या लीगना मुख्य लीगचा दर्जा देण्यात आला आणि २०२४ मध्ये त्यांचे आकडे अधिकृत नोंदीत मिळवले गेले. उशीर लाजिरवाणा आहे, पण चूक झाली हे संस्थेने लिहून दिले. भारतात रणजी करंडक अशा खेळाडूच्या नावे आहे ज्याने १९११च्या भारतीय संघाकडून खेळणे टाळले. देवधरांच्या नावेही करंडक आहे, आणि तो योग्यच आहे. बाळूंच्या नावे राष्ट्रीय करंडक नाही.

२६/
दुसऱ्या बाजूचे मौनही तपासले पाहिजे. सप्टेंबर १९३२ मध्ये येरवड्याला झालेल्या पुणे करारावर बाळूंची सही आहे. ते स्वतंत्र मतदारसंघांच्या विरोधात होते. १९३७ साली मुंबईत काँग्रेसने त्यांना थेट डॉ. आंबेडकरांसमोर उभे केले. आंबेडकरांना १३,२४५ मते, बाळूंना ११,२२५. या निवडणुकीमुळे अनेकांना बाळूंचे नाव घेणे अवघड वाटते.

२७/
बाळूंची राजकीय भूमिका चुकली, असे म्हणण्याचा अधिकार प्रत्येकाला आहे. पुढच्या इतिहासाने आंबेडकरांची बाजू भक्कम केली. पण ज्या पक्षाने त्यांना तिकीट दिले, त्याच्या हेतूकडे बोट न दाखवता सारा दोष साठीला आलेल्या गोलंदाजाच्या माथी मारणे हा न्याय नव्हे. सवर्णांच्या संघाला विजय हवा होता तेव्हा त्यांनी बाळूंचा हात वापरला. सवर्णांच्या पक्षाला आंबेडकरांना रोखायचे होते तेव्हा बाळूंचे नाव वापरले. दोन्ही वेळा नेतृत्व दुसऱ्याकडेच होते.

२८/
एक योग पाहा. जून १९३२ मध्ये भारताने लॉर्ड्सवर पहिली कसोटी खेळली. बाळू तेव्हा छप्पन्न वर्षांचे होते. तीन महिन्यांनी ते येरवड्यात सही करत होते, ज्या पुण्यात त्यांनी चार रुपयांवर रूळ ओढला होता त्याच पुण्यात. त्यांच्या नावापुढे कसोटीचा एकही बळी नाही, म्हणून आकडेवारीच्या यादीत ते सापडत नाहीत. यादीची सुरुवात कुठून करायची, हाही इतिहासातला निर्णय असतो.

२९/
तेव्हा पुढच्या वेळी कोणी 'खेळाला जात नसते' असे सांगत बाळूंचे उदाहरण देईल, तेव्हा त्याला तीनच प्रश्न विचारावेत. चहा कुठे दिला जात होता? १९१३ साली पै काय म्हणाले? १९२० साली दोन भावांनी माघार का घेतली? उत्तरे ठाऊक नसतील तर त्याने बाळूंची गोष्ट वाचलेली नाही. केवळ आपल्या सोयीची गोष्ट सांगितलेली आहे.

३०/
बाळू थोर होते, ते कोणी त्यांना संधी दिली म्हणून नव्हे. पॅव्हेलियनबाहेर मातीच्या पेल्यातला चहा घेऊन तो माणूस पुन्हा मैदानात जाई आणि ज्या संघाने त्याला आत बसू दिले नाही त्याच संघासाठी बळी घेई. त्याचा गौरव करायचा असेल तर तो पेला गोष्टीतून काढून टाकू नये. पुण्याने तो पेला बाहेर ठेवला होता. पुण्याच्या इतिहासाने तो आता आत आणावा.